मुरूम-मातीची गाडी जप्त झाली: दंड भरून सोडवायची, की दाद मागायची?

तहसीलच्या आवारात उभा ट्रॅक्टर महिनाभरात ओळखू येत नाही. बॅटरी उतरते, ट्रॉलीतल्या मुरमावर गवत उगवतं, आणि फायनान्सचा हप्ता मात्र थांबत नाही. घायकुतीला आलेला मालक मग कुणी सांगेल त्या दारात जातो. खरं तर कोणतं दार आपलं, हे जप्तीच्या कागदावरच कळतं. गाडी महसूलने धरली, की पोलिसांनी?

परवान्याशिवाय मुरूम-माती नेली म्हणून महसूलने केलेली जप्ती महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम 48(8) खाली होते. पकडल्यापासून 48 तासांत गाडी जिल्हाधिकारी किंवा त्यांनी प्राधिकृत केलेल्या, उपजिल्हाधिकारी दर्जाहून कमी नसलेल्या अधिकाऱ्यासमोर हजर करावी लागते. दंड भरून आणि पुन्हा असा वापर करणार नाही असं बंधपत्र देऊन ती सुटते. 2018 च्या नियमदुरुस्तीनुसार हा दंड ट्रॅक्टरला 1 लाख, फुल बॉडी ट्रक किंवा डंपरला 2 लाख, एक्स्कॅव्हेटरला 7.5 लाख रुपये. मुरमाच्या बाजारभावाच्या पाचपटीपर्यंतचा दंड वेगळा. ट्रॉलीत एकच ब्रास (100 घनफूट) माल असला तरी गाडीचा दंड तेवढाच, आणि लहान शेतकरी नेमका इथेच मोडतो.

पोलिसांनी चोरीचा गुन्हा नोंदवून गाडी घेतली असेल, तर मॅजिस्ट्रेटकडे सुपुर्दनाम्याचा, म्हणजे खटला चालेपर्यंत गाडी ताब्यात मिळण्याचा अर्ज. पूर्वीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम 451, आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं 497. इथे आधी लाखाचा भरणा नाही. बंधपत्र, जामीनदार, आरसी बुक आणि बोलावल्यावर गाडी हजर करण्याची हमी. वाहनं ठाण्यात सडत ठेवू नयेत, हे सर्वोच्च न्यायालयाने सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणात 2002 सालीच सांगितलंय. अर्जात ते जरूर घाला. पण सुपुर्दनामा मिळाला म्हणजे महसूलचा दंड मिटला, असं नाही. चोरीचा गुन्हा आणि खनिज कायद्याचा भंग या वेगळ्या गोष्टी असल्याचं याच न्यायालयाने 2014 मध्ये स्पष्ट केलंय.

दंडाच्या आदेशावर अपील करायचं तर जिल्हाधिकाऱ्यांपेक्षा खालच्या अधिकाऱ्याच्या आदेशासाठी मुदत 60 दिवसांची. तहसीलदारांचा आदेश असेल तर प्रांताकडे (उपविभागीय अधिकाऱ्याकडे) जायचं, आणि स्थगितीचा अर्ज सोबतच द्यायचा. थेट उच्च न्यायालयात धावणाऱ्यांना बहुतेक वेळा पहिला प्रश्न येतो, अपील का केलं नाही? अधिकाऱ्याला अधिकारच नव्हता किंवा नोटीस न देताच आदेश झाला, असं कागदावर दिसत असेल, तरच रिट याचिकेचा खर्च करण्यात अर्थ आहे.

माझं मत विचाराल तर, वाहतूक परवाना खरोखरच नव्हता आणि गाडीवर घर चालतं, तर लेखी हरकत नोंदवून दंड भरा, गाडी सोडवा आणि रकमेवर अपील लढा. दोन हंगाम गाडी उभी राहिली तर नुकसान दंडाच्या वर जातं.

माती असेल, तर मात्र थांबा. हा दंड मुरूम, वाळू अशा 'गौण खनिजां'साठी आहे, आणि साधी माती सरसकट गौण खनिज नाही. 3 फेब्रुवारी 2000 च्या केंद्राच्या अधिसूचनेनुसार बांध, रस्ते, रेल्वे, इमारतींच्या कामात भराव किंवा सपाटीकरणासाठी वापरलेली माती त्यात येते. पुण्याच्या बिल्डर संघटनेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2014 मध्ये म्हटलं की माती कशासाठी वापरली ते पाहायला हवं. पायासाठी खोदून त्याच प्लॉटवर वापरलेल्या मातीला सरसकट दंड लागत नाही. तुमची माती अशी असेल, तर मुकाट्याने दंड भरू नका, पहिल्या सुनावणीपासून लढा.

दोन्ही वाटांवर पंचनाम्याची नक्कल त्याच दिवशी मागा. जागा, वेळ, किती ब्रास आणि ते मोजून की अंदाजे, हे नीट वाचा. 'अंदाजे एक ब्रास' एवढंच लिहिलेलं असेल, तर मोजमापाचा मुद्दा पहिल्याच लेखी खुलाशात मांडा.