मराठी आवर्तसारणीचा तक्ता : सहा महिने वर्गात वापरल्यानंतर

खानापूर तालुक्यातील आमच्या मराठी माध्यमाच्या हायस्कूलसाठी गेल्या जूनमध्ये बेळगावच्या खडेबाजारातून मूलद्रव्यांच्या आवर्तसारणीचा भिंतीवर टांगायचा मराठी तक्ता विकत घेतला. किंमत 450 रुपये असून सोबत 32 पानांची माहितीपुस्तिका मिळते. आमचा जुना तक्ता इंग्रजी होता आणि त्यातील शेवटच्या काही चौकटींत तात्पुरती नावेच छापलेली होती. या तक्त्यात 2016 साली मान्य झालेली निहोनियम, मॉस्कोव्हियम, टेनेसाइन आणि ओगॅनेसॉन ही नावे आहेत, त्यामुळे सातवा आवर्त (सारणीतील सातवी आडवी ओळ) 118 व्या मूलद्रव्यापर्यंत पूर्ण भरलेला दिसतो.

तक्त्याचे खरे बळ त्यातील नावांत आहे. प्रत्येक चौकटीत पाठ्यपुस्तकातील नाव मोठ्या अक्षरांत दिले आहे आणि रूढ मराठी नाव असल्यास ते त्याखाली छापले आहे : फॉस्फरसखाली स्फुरद, पोटॅशियमखाली पालाश, कार्बनखाली कर्ब. आमच्याकडील बहुतेक मुले ऊस आणि भात पिकवणाऱ्या घरांतली आहेत. नत्र (नायट्रोजन), स्फुरद, पालाश हे शब्द ती खताच्या संदर्भात लहानपणापासून ऐकत असतात, पण वर्गातल्या फॉस्फरसशी त्यांचा काही संबंध असेल असे त्यांच्या मनात येत नाही. तक्ता टांगला त्याच आठवड्यात नववीतल्या एका मुलीने विचारले, “बाई, बाबा उसाला घालतात ते स्फुरद म्हणजे हेच काय?” खतात शुद्ध फॉस्फरस नसून त्याची संयुगे असतात, हे त्या दिवशी मला निराळे शिकवावे लागले नाही, तिच्या प्रश्नातूनच ते पुढे आले. जर्मन किमयागार हेनिग ब्रँड याने 1669 साली हँबर्गमध्ये मूत्र आटवून हा अंधारात चमकणारा पदार्थ मिळवला. ग्रीक नावाचा अर्थ ‘प्रकाश वाहून आणणारा’ असा होतो आणि ‘स्फुरद’ या शब्दातही तीच चमक आहे, हे पुस्तिकेने अवघ्या चार ओळींत नेमके सांगितले आहे.

सीमाभागातील शाळेसाठी मात्र एक उणीव जाणवते. येथील मुलांना कृषी खात्याचे कागद कन्नडमध्ये वाचावे लागतात आणि तेथे नत्राला सारजनक, तर स्फुरदाला रंजक म्हणतात. मी ही नावे पेन्सिलीने तक्त्यावर लिहिली, तेव्हा ऑक्सिजनच्या चौकटीपाशी बराच वेळ गेला. फ्रेंच रसायनशास्त्रज्ञ लव्हाझिए याने हे नाव ‘आम्ल निर्माण करणारा’ या अर्थाने ठेवले, कारण प्रत्येक आम्लात हा वायू असतोच अशी त्याची समजूत होती. पुढे हायड्रोक्लोरिक आम्लात ऑक्सिजन नसल्याचे स्पष्ट झाले आणि ती समजूत टिकली नाही. कन्नडमधील ‘आम्लजनक’ हा शब्द त्या जुन्या कल्पनेचे शब्दशः भाषांतर आहे, तर आपला ‘प्राणवायू’ श्वासावरून आलेला आहे. दोन्ही शब्द शेजारी लिहिले की मूलद्रव्याचे नाव त्या काळाच्या समजुतीवर कसे बेतले जाते, हे मुलांना लगेच उमगते.

पुस्तिकेतील सर्वांत चांगले पान आवर्तसारणी मांडणाऱ्या रशियन रसायनशास्त्रज्ञ मेंडेलीव्हचे आहे. 1869 च्या सारणीत त्याने रिकाम्या जागा सोडल्या आणि पुढे न सापडलेल्या मूलद्रव्यांना ‘एक’ हा संस्कृत शब्द जोडून एक-अॅल्युमिनियम, एक-सिलिकॉन अशी नावे दिली. त्यांपैकी पहिले 1875 साली गॅलियम म्हणून सापडले, तर दुसरे 1886 साली जर्मेनियम म्हणून. गॅलियम सुमारे 29.8 अंश सेल्सिअसला वितळते, म्हणजे आपल्याकडच्या एप्रिलमध्ये ते दुपारी द्रवरूपात असेल. हा तपशील मात्र पुस्तिकेत नाही.

आता गंभीर दोष. कोबाल्टचा अणुअंक (अणुकेंद्रातील प्रोटॉनांची संख्या) 27 आणि अणुवस्तुमान 58.93 आहे, निकेलचा अणुअंक 28 असूनही अणुवस्तुमान 58.69, म्हणजे किंचित कमी आहे. तक्त्यात या दोन अणुवस्तुमानांची अदलाबदल झाली आहे. अणुवस्तुमान चढत्या क्रमानेच असले पाहिजे असे समजून कोणीतरी ही ‘दुरुस्ती’ केली असावी, आणि म्हणूनच हा छपाईचा साधा दोष म्हणून सोडून देता येत नाही. मूलद्रव्यांचा क्रम वस्तुमानावर अवलंबून नसून अणुअंकावर अवलंबून आहे, हे इंग्रज भौतिकशास्त्रज्ञ मोझली याने 1913 साली क्ष-किरणांच्या मोजमापांतून दाखवले आणि त्याचा पुरावा म्हणून वर्गात आम्ही दाखवतो ती हीच जोडी. टेल्युरियम 127.60 आणि आयोडीन 126.90 ही तशीच दुसरी जोडी तक्त्यात बरोबर आहे, त्यामुळे तूर्त मी तिचाच आधार घेते.

हेलियमच्या चौकटीत केवळ रॅम्झी आणि 1895, म्हणजे पृथ्वीवर हा वायू वेगळा काढणाऱ्या शास्त्रज्ञाचे नाव आणि साल, एवढेच छापले आहे, याची हळहळ वाटते. 18 ऑगस्ट 1868 च्या खग्रास सूर्यग्रहणात फ्रेंच खगोलशास्त्रज्ञ जान्सेन गुंटूरहून निरीक्षण करत होता, त्याच दिवशी लेफ्टनंट जॉन हर्शेल याने आपल्या शेजारच्या जमखंडीतून सूर्याच्या ज्वाळांचा वर्णपट पाहिला. त्याच वर्षी इंग्रज खगोलशास्त्रज्ञ लॉकियरने इंग्लंडमधून त्या वर्णपटातील पिवळ्या रेषेचा अभ्यास केला आणि पुढे तिचा संबंध एका नव्या मूलद्रव्याशी, म्हणजे हेलियमशी, जोडला गेला. जमखंडीचे नाव एका ओळीत आले असते, तर इथल्या मुलांना ती चौकट आपली वाटली असती.

उपयोगांची माहिती अगदीच त्रोटक आहे. अॅल्युमिनियमपुढे ‘विमाने, भांडी’ एवढेच लिहिले आहे. बेळगावच्या कारखान्यात बॉक्साइटपासून मिळणारी पांढरी अॅल्युमिना पूड म्हणजे धातू नव्हे, त्या ऑक्साइडमधून धातू वेगळा काढायला वीज लागते, हे शिक्षकानेच सांगायचे.

कापडी पाठ आणि लाकडी दांड्या मजबूत आहेत. खानापूरच्या पावसाळ्यातही तक्ता गुंडाळला गेला नाही. धातुसदृश (धातू व अधातू यांच्या मधले) व अधातू यांचे रंग मात्र इतके जवळचे आहेत की मागच्या बाकांवरून फरक कळत नाही, आणि चकचकीत पृष्ठभागामुळे खिडकीसमोर टांगल्यास उजवीकडचे राजवायू (हेलियम, निऑनसारखे निष्क्रिय वायू) वाचता येत नाहीत.

एवढे असूनही मी हा तक्ता घेण्याचीच शिफारस करते, कारण मुलांच्या घरातले शब्द आणि पाठ्यपुस्तकातले शब्द एकाच चौकटीत आणणारा दुसरा तक्ता मला बेळगावात मिळाला नाही. प्रकाशकांना चुकीबद्दल पत्र पाठवले आहे. नवी आवृत्ती येईपर्यंत तक्ता घेणाऱ्यांनी कोबाल्ट आणि निकेलच्या चौकटींवर योग्य आकड्यांच्या चिठ्ठ्या चिकटवूनच तो वर्गात टांगावा.