गरम झाली की बंद पडणारी स्कूटर : इग्निशन कॉइल बदलल्यानंतरचा काही महिन्यांचा अनुभव

स्कूटरची इग्निशन कॉइल, म्हणजे प्लगला ठिणगीसाठी हजारो व्होल्ट पुरवणारा भाग, बदलून आता काही महिने झाले. मुसळधार पावसात गाडी चालवून झाली, भर उन्हात वाहतुकीच्या कोंडीत अडकून झाली, दोघं बसून लांब चढही चढून झाले. बदलल्या बदलल्या लगेच लिहिलं नाही त्याला कारण आहे. कॉइलचा बिघाड येतो-जातो. आठवडाभर गाडी कुरकुर करत नाही आणि मग एकाएकी रस्त्यात बंद पडते. त्यामुळे ‘बदलली, गाडी सुरू झाली’ एवढ्यावर काही सिद्ध होत नाही. सगळ्या हवामानात गाडी टिकली, आता बोलायला हरकत नाही.

आधी लक्षणं सांगतो, कारण पुष्कळांची गाडी अगदी असंच करते आणि ते कार्बोरेटर साफ करत बसतात. सकाळी थंड गाडी पहिल्या सेल्फला सुरू व्हायची. आयडलिंग स्वच्छ. इंजिन नीट तापलं की ॲक्सिलरेटर पिळल्यावर झटके, मिसिंग (मधूनच पेट न घेणं), चढावर तर दम तुटल्यासारखी, आणि शेवटी बंद. सेल्फ मारला की इंजिन फिरायचं पण पेट घ्यायचं नाही. बाजूला लावून थोडा वेळ थांबलं की पुन्हा काही झालंच नाही अशी सुरू. मेकॅनिककडे पोचेपर्यंत गाडी थंड झालेली असायची आणि तिथे ती शहाण्यासारखी वागायची. म्हणूनच या अनुभवातून मला एकच गोष्ट ठासून सांगायची आहे: कॉइल तपासायची ती गरम असताना, गाडी बंद पडलेल्या जागी. थंड कॉइलवर घेतलेल्या मापावर विश्वास ठेवू नका.

असं का होतं ते कॉइलच्या पोटात काय आहे हे पाहिलं की कळतं. लोखंडी पत्र्यांच्या गाभ्यावर तारेची दोन वेटोळी असतात. प्रायमरी जाड तारेची आणि थोड्या वेढ्यांची, सेकंडरी अतिशय बारीक तारेची आणि हजारो वेढ्यांची. सीडीआय (कपॅसिटरमधून ठिणगी पाडणारं इलेक्ट्रॉनिक युनिट) असलेल्या गाडीत कपॅसिटरमध्ये साठवलेले काही शे व्होल्ट प्रायमरीत एकदम सोडले जातात. फ्युएल इंजेक्शनच्या गाड्यांत बहुधा बॅटरीचा १२ व्होल्टचा प्रवाह प्रायमरीतून जात असतो आणि ईसीयू (इंजिनचा छोटा संगणक) तो नेमक्या क्षणी तोडतो. दोन्हीकडे सेकंडरीच्या टोकाला हजारो व्होल्ट तयार होतात, आणि चांगली कॉइल वीस हजारांच्या पुढेही जाऊ शकते. एवढा दाब अडवायला मध्ये असतं काय, तर तारेवरचा वार्निशचा पातळ थर आणि वरून ओतलेलं रेझिन. रोजच्या तापण्या-थंडावण्याने त्यात बारीक भेगा पडतात. कधी तार आतल्या आत तुटलेली असते, थंड असताना टोकाला टोक टेकलेलं राहतं आणि गरम झाल्यावर प्रसरण पावून सुटतं. कधी तार अखंड असते पण वेढ्यांमधलं इन्सुलेशन तापल्यावर हार मानतं आणि करंट प्लगपर्यंत न जाता आतच झिरपतो.

चढावरच मिसिंग का, हाही प्रश्न पडतो. प्लगच्या फटीतून ठिणगी उडायला लागणारं व्होल्टेज फटीतल्या वायूच्या दाबाबरोबर वाढतं. पाशेन या जर्मन शास्त्रज्ञाने १८८९ मध्ये हा संबंध मांडला. ॲक्सिलरेटर पूर्ण उघडला की सिलिंडरमध्ये जास्त मिश्रण भरतं, ते दाबलं जातं तेव्हा दाब वाढतो, आणि त्याच प्लगला, त्याच गॅपला आता जास्त व्होल्टेज हवं असतं. आयडलिंगला पुरणारी कमजोर कॉइल इथे कमी पडते. म्हणून ‘स्टँडवर छान चालते’ या वाक्यावरून कॉइल ठीक आहे असा निष्कर्ष काढू नये.

आता कॉइलसारखीच लक्षणं देणारे बाकीचे. यावर मी सगळ्यात जास्त वेळ घातला आणि तो वेळ सत्कारणी लागला असं मनापासून वाटतं. पेट्रोलच्या झाकणातलं हवेचं भोक बुजलं की टाकीत निर्वात तयार होतो, पेट्रोल खाली उतरत नाही, गाडी थोडं चालून बंद पडते आणि थांबलं की पुन्हा सुरू होते. अगदी तेच चित्र! तपासणी सोपी आहे. बंद पडल्या जागीच झाकण उघडा. हवा आत ओढल्याचा आवाज आला आणि लगेच गाडी सुरू झाली तर कॉइलकडे बघूसुद्धा नका. टॅपेट (व्हॉल्व्हसाठी सोडलेली फट) फार टाइट असेल तर गरम झाल्यावर व्हॉल्व्ह पूर्ण बसत नाही, कॉम्प्रेशन जातं. तेव्हा सेल्फला इंजिन नेहमीपेक्षा हलकं आणि भराभर फिरतं. मॅग्नेटोजवळची, ठिणगीची वेळ कळवणारी पिकअप कॉइल, जिला काही जण पल्सर कॉइल म्हणतात, तीही गरम झाल्यावरच दगा देते. तिच्यात आणि इग्निशन कॉइलमध्ये फरक करणं अवघड जातं, कारण दोन्हींत ठिणगी गायब होते. किल स्विच, साइड स्टँडचा स्विच आणि इग्निशन लॉकच्या मागचा सैल कपलर हे तिघेही गाडी बंद पाडतात, पण ते तापण्याची वाट पाहत नाहीत. खड्ड्यात आपटल्यावर किंवा हँडल वळवल्यावर बंद पडत असेल तर आधी तिकडे जा.

ठिणगी तपासायची नेहमीची रीत म्हणजे प्लग काढून इंजिनच्या धातूला टेकवायचा आणि सेल्फ मारायचा. ती वाईट नाही, पण अपुरी आहे. उघड्या हवेत प्लगचा ०.७ मिलिमीटरचा गॅप ओलांडायला तीन-चार हजार व्होल्ट पुरतात, आणि मरायला टेकलेली कॉइलही तेवढे देते. म्हणून मी डिकीत गॅप कमी-जास्त करता येणारा स्पार्क टेस्टर ठेवला. सहा मिलिमीटरच्या आसपासची फट निळसर, कडकडीत आवाजाच्या ठिणगीने ओलांडली तर कॉइलमध्ये जीव आहे. पिवळसर, बारीक, मधूनच चुकणारी ठिणगी असेल तर संशय पक्का. माझी गाडी थंड असताना टेस्टरवर दणदणीत ठिणगी द्यायची आणि बंद पडल्यावर त्याच फटीत काहीच नाही. फट अगदी कमी केली तेव्हा कुठे एखादी केशरी चुकार ठिणगी. पिकअप कॉइल किंवा सीडीआय पूर्ण मेला असता तर कमी फटीतही काही आलं नसतं. एवढ्याने त्यांना निर्दोष म्हणता येत नाही, पण बोट कॉइलकडे वळलं.

इथे थोडं थांबून सांगतो, कारण हे महत्त्वाचं आहे. प्लग काढलेल्या भोकातून सेल्फ मारताना पेट्रोलची वाफ बाहेर येते, त्यामुळे टेस्टर भोकापासून लांब धरायचा, आणि धरायचा म्हणजे हातात नव्हे, इंजिनला चिमट्याने लावायचा. हृदयाचा पेसमेकर असलेल्यांनी या कामात पडूच नये. प्लगची कॅप हवेत लोंबकळत ठेवून सेल्फ मारू नका. करंटला बाहेर वाट मिळाली नाही तर तो कॉइलच्या आतून वाट काढतो आणि चांगली कॉइलही खराब होते, कधी सीडीआयही.

त्यानंतर स्वस्त आणि सोप्या गोष्टी आधी. नवीन प्लग घातला, फरक नाही. प्लग कॅप एचटी वायरवरून (कॉइलपासून प्लगपर्यंत येणारी जाड वायर) स्क्रूसारखी फिरवून निघते. तिच्यात साधारण ५ किलोओहमचा रेझिस्टर असतो. माझ्या कॅपचा आकडा बरोबर आला. वायरचं टोक हिरवट-काळं झालेलं असेल तर अर्धा सेंटिमीटर कापून कॅप पुन्हा घट्ट फिरवायची. कित्येक ‘मेलेल्या’ कॉइल एवढ्यावर जिवंत होतात. रात्री अंधारात इंजिन चालू ठेवून वायरवर पाण्याचा बारीक फवारा मारला तर भेगेतून निळ्या रेषा उडताना दिसतात. माझ्याकडे तसं काही दिसलं नाही.

मग मल्टिमीटर. प्रायमरी बहुतेक स्कूटरवर काही ओहमच्या आत असते, सीडीआयच्या कॉइलमध्ये तर बऱ्याचदा एका ओहमपेक्षाही कमी. इतक्या लहान आकड्यात मीटरच्या वायरींचाच रोध मिसळतो. म्हणून आधी दोन्ही टोकं एकमेकांना टेकवून जो आकडा येतो तो वजा करायचा. सेकंडरी काही किलोओहम असते. नेमकी मर्यादा गाडीच्या सर्व्हिस मॅन्युअलमधूनच घ्या, दुसऱ्या गाडीचा आकडा लावू नका. आणि मोजताना कॅप काढलेली आहे की लावलेली याकडे लक्ष द्या, नाहीतर पाच किलोओहमचा घोळ होतो.

थंड असताना माझ्या कॉइलची दोन्ही मापं मर्यादेत होती. तेवढ्यावर सोडलं असतं तर ती निर्दोष ठरली असती. कॉइल खोलून टेबलावर घेतली आणि हेअर ड्रायरने हळूहळू तापवत सेकंडरीचा आकडा पाहत राहिलो. तांब्याचा रोध दर अंशाला सुमारे ०.३९ टक्के वाढतो, म्हणजे २० वरून ८० अंशांवर गेल्यावर जवळजवळ चोवीस टक्के वाढ नैसर्गिकच आहे. तेवढ्याने घाबरायचं नाही. पण माझा आकडा आधी संथ चढला, मग उड्या मारायला लागला आणि शेवटी सर्किट तुटल्याची खूण दाखवून गप्प झाला. थंड होऊ दिल्यावर परत जागेवर. रस्त्यात जे घडत होतं तेच टेबलावर डोळ्यांसमोर घडलं. मात्र याचं उलट खरं नाही. गरम असताना माप चांगलं आलं म्हणून कॉइल सुटली असं समजू नका, कारण वेढ्यांमधली गळती मीटरच्या छोट्या बॅटरीच्या दाबाला दिसतच नाही. तेव्हा त्याच मॉडेलच्या चालू गाडीची कॉइल लावून फिरून बघणं हाच खात्रीचा उपाय.

नवीन कॉइल घेताना मी गाडीच्या कंपनीच्या पार्ट नंबरचीच घेतली. दिसायला सारख्या असल्या तरी सीडीआयची कॉइल आणि ईसीयूवर चालणारी कॉइल एकमेकींच्या जागी चालत नाहीत. कमी रोधाची प्रायमरी ईसीयूच्या गाडीत लावली तर जास्त प्रवाह ओढते आणि ईसीयूवर ताण येतो. रंगीत, ‘जास्त पॉवर’वाल्या कॉइलबद्दलही मला स्पष्ट सांगायचं आहे. ठिणगी उडते ती गॅपला लागेल तेवढ्या व्होल्टेजला. कॉइलची क्षमता त्याहून कितीही जास्त असली तरी मूळ स्थितीतल्या चांगल्या इंजिनात त्याचा फायदा जाणवत नाही.

बसवण्याचं काम लहान आहे. बॅटरीची निगेटिव्ह काढायची, डिकी आणि पॅनल उतरवायचं, दहाच्या पान्याने बोल्ट सोडायचे. वेळ द्यायचा तो फ्रेमवरच्या जागेला. अनेक स्कूटरमध्ये कॉइलचं अर्थिंग त्या बोल्टमधूनच होतं. तिथे गंज असेल तर नवी कॉइलही जुन्यासारखीच वागेल, म्हणून पॉलिश पेपरने धातू चकचकीत करून मगच कसायचं. एचटी वायर सायलेन्सरला टेकू द्यायची नाही आणि पिकअपच्या वायरीबरोबर बांधायची नाही. प्लग इंजिन थंड असतानाच काढायचा, परत घालताना हाताने पूर्ण फिरवायचा, आणि नवीन वॉशर असेल तर पान्याने आणखी साधारण अर्धा फेरा. ॲल्युमिनियमच्या हेडमधले आटे जोर सहन करत नाहीत.

इतक्या महिन्यांत काय बदललं? गरम झाल्यावर बंद पडणं पूर्ण थांबलं, हे पहिलं. चढावरचं मिसिंग गेलं. गरम गाडी पेट्रोल भरायला बंद करून पुन्हा सुरू करताना पूर्वी धाकधूक असायची, आता एका सेल्फला उठते. प्लगवरचा काळा थर जाऊन रंग फिकट तपकिरी झाला, म्हणजे पेट्रोल नीट जळतंय. मायलेज बिघाडाआधी जेवढं होतं तेवढंच आहे. वाढेल या आशेने कोणी कॉइल बदलू नये. टॉप स्पीडही तोच.

तक्रारी दोन आहेत. एचटी वायर कॉइलमध्येच ओतून घट्ट केलेली आहे, त्यामुळे उद्या फक्त वायरला भेग पडली तरी अख्खी कॉइल टाकावी लागेल. चांगल्या वस्तूचं असं वाया जाणं मला खरंच पटत नाही. आणि नवीन वायर सुरुवातीला ताठ होती, वळणावर क्लिप लावून तिला वळण लावावं लागलं.

जुनी कॉइल कशाने मेली याचा शोध घेतला तेव्हा लक्ष जुन्या प्लगकडे गेलं. त्याचा गॅप झिजून मॅन्युअलमधल्या मापाच्या बराच पुढे गेला होता. वाढलेल्या गॅपला प्रत्येक ठिणगीसाठी जास्त व्होल्टेज लागतं आणि तो ताण कॉइलच्या इन्सुलेशनवर पडतो. तापमानाचाही वाटा असणार, पण प्लगचं आपल्या हातात आहे. आता सर्व्हिसिंगला फिलर गेजने (फट मोजायच्या पातळ पट्ट्या) गॅप बघतो, माउंटिंगचे बोल्ट हाताने हलवून पाहतो आणि कॅप काढून वायरचं टोक तपासतो. कॅप अजून जुनीच आहे. आकडा बरोबर असला तरी तिचं रबर कडक व्हायला लागलंय, त्यामुळे पुढचा प्लग बदलताना तीही बदलणार आहे.