कोर्ट नाक्याच्या वकील मॅडम : मारहाणीच्या केसमधलं अपील

शिक्षा नुसत्या साक्षीदारांच्या ओळखण्यावर झाली असेल आणि ठाण्यात अपिलासाठी वकील शोधत असाल, तर कोर्ट नाक्याजवळ बसणाऱ्या आमच्या वकील मॅडमकडे जरूर जा. नाव इथे लिहीत नाही, त्यांना ते आवडत नाही.

कळव्यात रात्री झालेल्या मारामारीत माझ्या धाकट्या दिराला मॅजिस्ट्रेट कोर्टाने भादंवि (भारतीय दंड विधान) कलम ३२४, म्हणजे धोकादायक हत्याराने दुखापत, याखाली एक वर्षाची शिक्षा दिली. घटना जुनी म्हणून जुनं कलम. १ जुलै २०२४ पासूनच्या गुन्ह्यांना नव्या भारतीय न्याय संहितेचं कलम ११८ लागतं. सेशन कोर्टात अपिलाला ३० दिवस असतात. मॅडमनी ते मुदतीत टाकलं आणि शिक्षेला स्थगितीही मिळवली.

पण मला सांगायचंय ते त्यांच्या वाचण्याबद्दल. आम्ही निकालाची प्रत पुढे केली, तर त्यांनी आधी साक्षी मागितल्या. टेबलावर एका बाजूला मारामारी पाहणाऱ्या पानवाल्याची कोर्टातली साक्ष, दुसऱ्या बाजूला त्याचाच पोलिसांपुढचा जबाब. जबाबात "तीन-चार पोरं होती" एवढंच. कोर्टात मात्र, चार वर्षांनी, दिराचं नाव आणि उजव्या हातातला लोखंडी रॉडसुद्धा! ओळख परेड, म्हणजे साक्षीदाराने अनेकांतून आरोपी ओळखून दाखवणं, झालेली नाही. घटनास्थळ पंचनाम्यात खांबाचा, दिव्याचा उल्लेख नाही, म्हणजे रात्री ओळखण्याइतका उजेड होता का, तेच कळत नाही. नाव जबाबात नव्हतं, हे तपासी अंमलदाराने उलटतपासणीत कबूलही केलं होतं. निकालात त्या कबुलीबद्दल एक ओळ नव्हती. साक्षीदार एकमेकांना पुष्टी देतात, एवढं लिहून मोकळे.

सासूबाई म्हणाल्या, "खोटं बोलतात हो सगळे." मॅडम म्हणाल्या, "काकू, तसं मी म्हणणार नाही. पानवाल्याने मारामारी पाहिलीये. रॉड कोणाच्या हातात होता ते त्याला दिसलं का, एवढाच आपला प्रश्न."

जखमी मुलाबद्दलही त्यांनी आम्हाला आधीच बजावलं. जखमीच्या साक्षीला कोर्ट जास्त वजन देतं, त्याला टाके पडलेत, ते नाकारायचं नाही. पण वार मागून झाला आणि नाव नंतर लोकांकडून कळलं, हे त्याने स्वतःच सांगितलं होतं. मला त्या मुलाचं वाईट वाटायचं, आजही वाटतं. त्याच्याविरुद्ध एक वाकडा शब्द न काढणारा वकील मिळाला, हे माझ्यासाठी मोठं होतं.

वेळेतला थोडा फरक, शर्टाचा रंग असल्या बारीक विसंगती त्यांनी सोडूनच दिल्या. त्यावर केस पडत नाही, उलट जज वैतागतात, असं त्यांचं म्हणणं. सुप्रीम कोर्टाच्या १९५७ च्या वडिवेलू थेवर निकालातले साक्षीदारांचे तीन प्रकार त्यांनी आम्हाला समजावले: पूर्ण विश्वासार्ह, पूर्ण अविश्वासार्ह, आणि मधला. मधल्याला दुसऱ्या पुराव्याचा आधार लागतो. आपला पानवाला मधला. शेजारच्या काकांना आता "लाईट गेली होती" म्हणून उभं करूया, असं आम्ही सुचवलं, तर त्यांनी साफ नकार दिला. अपील आहे त्या रेकॉर्डवर चालतं, नवा पुरावा क्वचितच घेतात, आणि इतक्या उशिरा उगवलेल्या साक्षीदारावर कोण विश्वास ठेवणार?

सरकारी वकिलांनी टाक्यांवर भर दिला. मॅडमचा युक्तिवाद छोटा होता, प्रत्येक मुद्द्याला पान नंबर. संशयाचा फायदा देऊन दीर सुटला.

फी टप्प्याटप्प्याने घेतली, प्रत्येक वेळी पावती दिली. टायपिंग आणि झेरॉक्सचे पैसे वेगळे, हे आधी सांगितलं असतं तर बरं झालं असतं. दिवसा फोन लागत नाही; संध्याकाळी सातनंतर करा. ऑफिस तिसऱ्या मजल्यावर आहे, लिफ्ट नाही. सासूबाईंचे गुडघे दुखतात म्हणून मॅडम एकदा स्वतः खाली येऊन चहाच्या टपरीपाशी सह्या घेऊन गेल्या.