गेटटेक्स्ट आणि मराठी : आठ महिने वापरल्यानंतर

गावच्या वाचनालयासाठी पायथन ही प्रोग्रामिंगची भाषा आणि खिडक्या-बटणं बनवायचं जीटीके वापरून देवघेवीचा एक छोटा प्रोग्राम लिहिला. काउंटरवर बसणाऱ्या काकूंना सगळं मराठीतच हवं होतं, म्हणून ग्नू गेटटेक्स्ट हे प्रोग्राममधल्या मजकुराची भाषांतरं वेगळ्या फाइलीत ठेवणारं साधन घेतलं. आठ महिने झाले, रोज वापरात आहे.

काम कसं चालतं ते सोपं आहे. पीओ फाइलीत मूळ इंग्रजी वाक्य आणि त्याखाली मराठी. तिच्यापासून एमओ फाइल तयार होते आणि प्रोग्राम ती वाचतो. काकूंनी "सदस्य नको, सभासद लिहा" म्हटलं की दोन मिनिटांत बदल होतो, कोडला हात लावावा लागत नाही. यासाठी तरी मी हे कुणालाही सुचवीन.

खरा त्रास विंडोजवर झाला. माझ्या लिनक्सवर सगळं मराठीत, वाचनालयाच्या पीसीवर मात्र सूचना मराठीत आणि खिडक्यांवरची बटणं इंग्रजीत. दोन रात्री त्यात गेल्या. पायथनचं गेटटेक्स्ट एमओ फाइल स्वतःच वाचतं, पण ग्लेड या खिडक्या आखायच्या साधनात आखलेल्या खिडक्यांची भाषांतरं सी भाषेतली लायब्ररी (तयार कोडचा संच) शोधते. लिनक्सवर ती ग्लिबसी या सी-च्या मूळ लायब्ररीमध्येच असते. विंडोजवर ती लिबइंटल-८.डीएलएल या वेगळ्या फाइलीत असते, आणि एमओचा फोल्डर तिला वेगळा सांगावा लागतो. पायथनमधून सी-चा कोड बोलावता येणाऱ्या सीटाइप्समधून तो सांगितला आणि बटणं मराठी झाली. ही डीएलएल सापडत नाही असा संदेश आला तर कुठल्याही डाउनलोड साइटवरून ती उचलू नका. विंडोजसाठी अशी साधनं पुरवणाऱ्या एमएसवायएस२ मधली घ्या आणि प्रोग्रामच्याच फोल्डरात ठेवा.

मराठीची खरी परीक्षा शब्दांत होते. आमच्या प्रोग्रामात 'इश्यू' दोन ठिकाणी होतं: सभासदाला पुस्तक द्यायचं बटण, आणि मासिकांच्या यादीतला रकाना. मूळ शब्द एकच, म्हणून भाषांतरही एकच, आणि दिवाळी अंकांच्या यादीवर ठळक अक्षरांत 'पुस्तक द्या'! त्यावर संदर्भ जोडायची सोय आहे, पायथनमध्ये ३.८ पासून. आता एकीकडे 'पुस्तक द्या', दुसरीकडे 'अंक'. वाक्यात आकडे बसायच्या जागांना नावं दिली तर क्रमही उलटवता येतो, त्यामुळे "१० पैकी ३ पुस्तके परत आली" असं सरळ मराठी लिहिता आलं. एकवचन-अनेकवचनाचा नियम फाइलीच्या सुरुवातीला एकदाच लिहायचा.

एक सांभाळा. कोड बदलून पीओ अद्ययावत केली की नव्या वाक्यांना जुन्यांवरून अंदाजे भाषांतर चिकटतं आणि त्यावर 'फझी' खूण येते. खूण असेपर्यंत ते एमओत जात नाही, हे चांगलंच आहे. मी एकदा घाईत सगळ्या खुणा काढल्या आणि 'मुदत वाढवा'च्या जागी 'पुस्तक परत घ्या' गेलं. तेव्हापासून प्रत्येक ओळ वाचूनच खूण काढतो.

सामान्यरूपाला मात्र इथे उत्तर नाही. 'कपाट' आणि 'माळा' ही नावं डेटाबेसमधून येतात, वाक्यात 'कपाटात' आणि 'माळ्यावर' हवं असतं, आणि नुसतं '-मध्ये' जोडलं की 'माळामध्ये' होतं. शेवटी मी वाक्यच बदललं. आता पडद्यावर दिसतं: 'ठिकाण : माळा'.