कोल्हापूरच्या शाहूपुरीतलं सरड्यांच्या खाद्याचं दुकान

रातकिडे जिवंत, चपळ मिळतात. डब्यात पाण्याच्या वाटीऐवजी गाजराची चकती असते, म्हणून बुडून मरत नाहीत. किड्यांची मापं मात्र सरमिसळ. लेपर्ड गेको (ठिपकेदार पाळीव पाल) फक्त किडेच खातो आणि किडा त्याच्या दोन डोळ्यांमधल्या अंतरापेक्षा मोठा नको, तेव्हा निवडून घ्या. इग्वाना या मोठ्या सरड्याला मीलवर्म (भुंग्याच्या अळ्या) द्या, हा काउंटरवरचा सल्ला साफ चुकीचा! तो शाकाहारी, कपिलतीर्थ मंडईतला शेवग्याचा पाला आणा. पालक रोज नको, त्यातलं ऑक्झलेट कॅल्शियम अडवतं. कॅल्शियम पावडर फॉस्फरसविरहित ठेवतात, हे उत्तम. पिशवीत चिमूटभर टाकून किडे हलवायचे, पांढरे झाले की लगेच गेकोला द्यायचे. उशीर झाला तर ते पावडर झटकून टाकतात.