माहिती अधिकार: दहा रुपयांची सर्व्हिस, साडेतीन स्टार

लोक मिसळीचे रिव्ह्यू टाकतात, मी माहिती अधिकार कायद्याने सरकारी कागद मागवायच्या सेवेचा टाकतोय, कारण पैसे भरून घेतो म्हणजे ही पण सर्व्हिसच. फी 10 रुपये, जोडपत्र 'अ' वर, म्हणजे अर्जाच्या नमुन्यावर, कोर्ट फी स्टॅम्प चिकटवायचा, दारिद्र्यरेषेखालच्यांना तेवढेही नाहीत, झेरॉक्स पानाला 2 रुपये आणि 30 दिवसांत उत्तर द्यायचं बंधन. इतक्या स्वस्तात साहेबाला कपाट उघडायला लावणारं दुसरं काही असेल तर सांगा.

आता वापरायचं कसं. नवीन माणूस हमखास लिहितो "रस्ता एका पावसात का उखडला?" आणि उत्तर येतं "प्रश्नार्थक स्वरूपाची माहिती देता येत नाही", कारण कायद्यात फक्त रेकॉर्डवर असलेलं मिळतं. आमच्या गल्लीतले एक रिटायर्ड काका यात पक्के मुरलेले, ते 'का' विचारतच नाहीत. कार्यादेशाची प्रत, मोजमाप पुस्तिकेची (झालेल्या कामाच्या मापांची वही) पानं, अंतिम बिल आणि दोष दायित्व कालावधी (काम बिघडलं तर ठेकेदारानेच दुरुस्त करायची मुदत) कधी संपतो ते द्या, बस. त्या शेवटच्या ओळीनेच काम झालं, कालावधी चालू होता म्हणजे दुरुस्ती ठेकेदाराच्या खर्चाने, मग डांबर पडलं. सोसायटीच्या मीटिंगमध्ये याच काकांना "आले बघा चौकशी आयोग" म्हणून हसणारे आता त्याच रस्त्यावर गाड्या लावतात, असो.

दीड स्टार कुठे कापला ते पण सांगतो. पहिलं उत्तर "माहिती विस्तृत स्वरूपाची आहे", म्हणजे नकारच. पहिलं अपील, 20 रुपये, ऐकणार कोण तर त्याच ऑफिसातले वरचे साहेब. दुसरं अपील राज्य माहिती आयोगाकडे, तिथली रांग बघून माणूस म्हातारा होतो. उशिराला दिवसाला 250 आणि जास्तीत जास्त 25,000 रुपये दंड आहे खरा, पण लागलेला क्वचितच दिसतो. याच कायद्याच्या जोरावर खंडणी उकळणारे पण आहेत हे मान्य, त्यांच्यामुळे खऱ्या अर्जदारालाही आधी संशयानेच बघतात.

पण ही सर्व्हिस कुणी प्रेमाने दिलेली नाही हो. राजस्थानात मजदूर किसान शक्ती संघटनेच्या लोकांनी 90 च्या दशकात कामाचे हजेरीपट मागितले, मजुरी कुणाच्या नावावर उचलली ते बघायला. आपल्याकडे अण्णा हजारेंच्या आंदोलनाच्या रेट्याने राज्याचा कायदा केंद्राच्या 2005 च्या आधीच आला. आणि तळेगावचे सतीश शेट्टी, जमिनीचे घोटाळे बाहेर काढणारे, जानेवारी 2010 मध्ये भररस्त्यात मारले गेले. हे सगळे त्यांच्या त्यांच्या गावात कटकटे, नसत्या उठाठेवी करणारेच ठरले असणार. ती कटकट कुणी केली नसती तर आज मी स्टार कशाला देत बसलो असतो. शांत बसणाऱ्या दहा जणांचं काम एक चिवट माणूस करतो आणि वर शिव्या पण तोच खातो.

घेणाऱ्यांसाठी एक टिप: 2018 च्या शासन निर्णयाने महापालिका, जिल्हा परिषदा वगैरे ठिकाणी दर सोमवारी दुपारी 3 ते 5 फाईली बघता येतात. आधी तिथे जाऊन पानांचे नंबर टिपून घ्या आणि अर्जात तेवढीच पानं मागा, मग "विस्तृत" म्हणायला त्यांना जागाच राहत नाही.