पर्यायी शब्द टाकून देणारं टूल वि. नागपूरच्या महाल भागातलं डीटीपीचं दुकान : दोन्हीकडे पैसे दिले, अनुभव लिहितेय

काटोलकडे माझ्या मामांची संत्र्याची बाग आहे. तिथे दहाबारा शेतकऱ्यांचा गट आहे आणि गटासाठी मामांनी चार पानं हाताने लिहून काढली होती, आंबिया बहाराचा (जानेवारी-फेब्रुवारीत फुलतो तो) ताण कधी द्यायचा, मृग बहाराचा कधी, डिंक्या (खोडातून डिंक येतो तो रोग) आला तर काय लावायचं, असं सगळं. माहिती पक्की, पण अर्धी वाक्यं जुन्या सरकारी पत्रकाच्या वळणाची, 'मगदुरानुसार द्यावा', 'करणे हितावह ठरते' वगैरे. बैठकीत कुणीतरी म्हणालं भाषा जरा बदलून घ्या मग छापू. मामांनी मला फोनवर तेवढंच सांगितलं, "भाषा जरा बदलून दे वं बाई, तू नागपुरात राहतेस, तुले कम्प्युटरचं समजते." मी हो म्हटलं. बदलून म्हणजे सोपी करायची, का छोटी करायची, का नुसते शब्द वेगळे हवेत, हे मी विचारलं नाही आणि त्यांनीही सांगितलं नाही, आणि पुढचा सगळा घोळ इथूनच सुरू झाला.

मी मजकूर टाइप करून एका ऑनलाइन टूलमध्ये टाकला. नाव देत नाही, कारण अशी तीन टूल्स मी पाहिली आणि तिन्हींची तऱ्हा एकच आहे, मजकूर टाका, 'नव्याने लिहा' दाबा, किती बदल हवा त्याची पट्टी सरकवा. मी पैसे भरून महिन्याचा प्लॅन घेतला आणि पट्टी पार शेवटपर्यंत नेली, म्हटलं 'बदलून दे' म्हणाले ना, मग बदलू पूर्ण. अर्ध्या मिनिटात चार पानं हातात. वरवर वाचलं तर एकदम भारदस्त वाटलं, झाडाच्या जागी वृक्ष, पाण्याच्या जागी जल, बागेच्या जागी उद्यान. मी तशीच मामांना पाठवून दिली.

संध्याकाळी मामांचा फोन. रागावले नव्हते, पण आवाज पडलेला होता. "हे माह्या बागेचं नाही आहे."

मग मी ओळ न् ओळ मूळ कागदाशी ताडून पाहिली. मामांनी लिहिलं होतं 'जंबेरीच्या खुंटावर डोळा भरलेली कलमं घ्या', त्याचं झालं होतं 'जंबेरीच्या मेखेवर नेत्र पूर्ण केलेल्या लेखण्या घ्या'. संत्र्याची ज्याला थोडी जरी माहिती आहे त्याला ठाऊक आहे की खुंट म्हणजे खालचं मुळाचं झाड, डोळा म्हणजे चांगल्या झाडाच्या फांदीवरचा अंकुर आणि डोळा भरणे म्हणजे तो अंकुर खुंटाच्या सालीत बसवणे. खुंट, डोळा, कलम, तिन्ही शब्दांना घरात एक अर्थ आहे आणि बागेत दुसरा, टूलने घरातला उचलला. 'बाग ताणावर सोडा' याचं 'उद्यान दडपणावर सोडा' झालं. ताण म्हणजे बहार धरायच्या आधी झाडाचं पाणी तोडायचं, जमीन हलकी असेल तर कमी दिवस आणि भारी काळी असेल तर जास्त दिवस, म्हणजे झाड विश्रांती घेतं आणि नंतर पाणी दिलं की एकदम फुलावर येतं. दडपण वाचून कोण पाणी तोडणार? 'वखराची एक पाळी द्या' (म्हणजे वखर एकदा फिरवा) होतं त्याचं 'वखराची एक वेळ द्या' आणि मृग बहाराचा चक्क 'हरिण बहार'. मृग म्हणजे इथे मृग नक्षत्र, जून महिना, पावसाची सुरुवात. आपल्या भागात लहान पोरगंही सांगेल.

दुसरी गोष्ट व्याकरणाची, आणि ही मला सगळ्या मराठी वाचणाऱ्यांना सांगावीशी वाटते. आपल्याकडे शब्द बदलला की तो एकटा बदलत नाही. बाग स्त्रीलिंगी, उद्यान नपुंसक. झाड नपुंसक, वृक्ष पुल्लिंगी. म्हणजे नाम बदललं की मागचं विशेषण, पुढचं क्रियापद, सगळ्यांना सोबत हलावं लागतं. टूलने नाम तेवढं बदललं आणि बाकी वाक्य जागच्या जागी ठेवलं, त्यामुळे 'जुनी उद्यान', 'वृक्ष सुकलं' असं पानभर. मामांच्या अक्षरात एकही अशी चूक नव्हती, ते सातवीपर्यंतच शिकलेत.

पण ज्यामुळे मला रात्री झोप लागली नाही ती चूक वेगळी. मामांनी दोन परिच्छेद लिहिले होते, एक बोर्डो मलमाचा आणि एक बोर्डो मिश्रणाचा, दोन्ही बुरशीवरची औषधं. मलम खोडाला लावायचं असतं, 1 किलो मोरचूद (कॉपर सल्फेट), 1 किलो कळीचा चुना आणि 10 लिटर पाणी. मिश्रण फवारायचं असतं, एक टक्क्याचं म्हणजे तोच 1 किलो मोरचूद आणि तोच 1 किलो चुना, पण पाणी 100 लिटर. टूलला मलम आणि मिश्रण एकच वाटलं. दोन्ही परिच्छेदांच्या वर 'बोर्डो मिश्रण' आलं, आणि 'खोडाला लावा' याचं 'स्कंधावर प्रयोग करा' झालं. आता एखाद्या नवीन पोराने पहिला परिच्छेद वाचून दहा लिटरवालं फवारलं असतं तर कोवळी पालवी करपली असती. वर्षभराचं पीक असतं हो ते. पत्रकावर मामांचं नाव राहिलं असतं, लोक त्यांच्या शब्दावर विश्वास ठेवून फवारतात.

म्हणून टूलला माझ्याकडून 5 पैकी 1. तो एक कशाचा तेही सांगते, सोसायटीच्या नोटिशीत 'सदर' चार वेळा आलं होतं, तिथे एकेका शब्दावर क्लिक करून पर्याय पाहिले, त्यातला आपणच निवडला तर बरं काम देतं. पूर्ण मजकूर त्याच्या हवाली करू नका. माझी मुख्य तक्रार शब्द चुकले ही नाहीच. मी सूचना अर्धवट दिली होती हे खरं, पण त्याने एकदाही विचारलं नाही की हे कोणासाठी आहे, काय बदलू, काय ठेवू. कळलं नाही तर समोर दिसतील ते शब्द बदलून टाकायचे ही पद्धत मला मान्य नाही, माणूस करो की मशीन.

आता दुकानाचं. महालात बडकस चौकाजवळच्या गल्लीत एक छोटं डीटीपीचं दुकान आहे, दोन कम्प्युटर, एक प्रिंटर, लग्नाच्या पत्रिका, थीसिस, कोर्टाचे कागद, सगळं करतात. मैत्रिणीने सांगितलं म्हणून गेले. मी मामांचा मूळ कागद दिला आणि नेहमीसारखंच म्हटलं, ताई भाषा जरा बदलून द्या. त्यांनी कागद घेतलाच नाही हातात. आधी विचारलं, वाचणार कोण? मग विचारलं, मोठ्याने वाचून दाखवणार आहेत का एकेकटे वाचणार आहेत? मग तिसरा, याच्यातलं कोणतं हलवायचं नाही? मला एकाचंही धड उत्तर देता आलं नाही. त्यांनी तिथूनच मामांना फोन लावायला लावला आणि स्पीकरवर मामांशी पंधरा मिनिटं बोलल्या. तेव्हा कळलं की 'भाषा बदलून' म्हणजे मामांना काय हवं होतं, गटातल्या बायका आणि नवीन पोरं वाचतील तेव्हा अडखळू नयेत, बस. शब्द बदलायचे नव्हतेच, वाक्यं मोकळी करायची होती.

मग त्यांनी लाल पेनाने मामांच्या कागदावर गोल केले. डोळा, खुंट, कलम, ताण, पाळी, आळं, डिंक्या, कोळशी, मोरचूद, मलम, मिश्रण, आणि सगळे आकडे. म्हणाल्या याला मी हात लावणार नाही. बाकीच्यातला एकच परिच्छेद घेतला आणि तीन तऱ्हांनी लिहून एका पानावर प्रिंट काढून दिला, एकात थोडासाच बदल, दुसऱ्यात लांब वाक्याची दोन केलेली, तिसरा पूर्ण बोलल्यासारखा, आपल्या वऱ्हाडी वळणाचा. म्हणाल्या मामांना दाखवा, ते कोणता म्हणतात तसं पूर्ण करते. मी फोटो पाठवला, मामांनी दुसरा निवडला. तिसरा त्यांना आवडला होता, पण म्हणाले कृषी सहायकाला पण दाखवायचं आहे, जरा नीट असू दे.

'जमिनीच्या मगदुरानुसार ताण द्यावा' याचं त्यांनी केलं 'जमीन हलकी असेल तर ताण कमी दिवस द्या. भारी असेल तर जास्त दिवस.' मगदूर गेला, पण जे सांगायचं ते राहिलं, उलट जास्त कळलं. दुहेरी आळ्याचा भाग मामांनी एकाच सात ओळींच्या वाक्यात लिहिला होता, तो त्यांनी तोडला, आधी आळं कसं करायचं, मग का करायचं, म्हणजे पाणी खोडाला लागू नये आणि डिंक्या होऊ नये. पूर्ण मजकुरात फक्त दोन ठिकाणी त्यांना शंका होती, तिथे समासात प्रश्नचिन्ह टाकून ठेवलं होतं. एक होतं 'सल काढणे'. त्यांना वाटलं साल काढणे असेल. बदललं नाही, विचारलं. सल म्हणजे वाळलेल्या फांद्या, साल काढली असती तर झाडच गेलं असतं. एका काना-मात्रेचा फरक आहे.

कुणाला अवघड शब्द अडला तर ताईंनी आणखी एक चांगलं सांगितलं, राज्याच्या भाषा संचालनालयाचे परिभाषा कोश आहेत, ऑनलाइनही पाहता येतात. तिथे निदान त्या त्या विषयाचा शब्द मिळतो. आणि संत्र्याचंच काही असेल तर आपल्या अमरावती रोडवर लिंबूवर्गीय फळांची केंद्रीय संशोधन संस्थाच आहे की, तिथल्या मराठी पत्रकांत बागाईतदारांचे शब्द जसेच्या तसे वापरलेले सापडतात.

दुकानाच्या उण्या बाजू पण लिहिते. वेळ लागतो, माझ्या चार पानांना पाच दिवस लागले, मधला रविवार बंद. रेट टायपिंगपेक्षा वेगळा आहे, टाइप करायचे पानाला 30 आणि भाषा नीट करायची तर पानाला 120 घेतले, म्हणजे टूलच्या महिन्याच्या पैशापेक्षा जास्तच झाले, तरी मला ते पैसे जड वाटले नाहीत. दुपारी खूप गर्दी असते, थीसिसवाली पोरं बसलेली असतात, तर सकाळी अकराच्या आधी जा. गाडी चौकात लावायला जागा नाही, पायी या.

आणि एक त्रास झाला तो आधीच सांगून ठेवते. त्यांनी फाईल जुन्या फॉन्टमध्ये केली होती, छापायला छान, पण मामांना व्हॉट्सअॅपवर मजकूर म्हणून पाठवायला गेले तर सगळी इंग्रजी अक्षरं आणि चिन्हं दिसली. परत जाऊन युनिकोडमध्ये करून घ्यावी लागली, त्याचे त्यांनी पैसे घेतले नाहीत, पण बदलताना दोन ठिकाणी र्‍ह आणि क्ष तुटला होता, तो मी बसून दुरुस्त केला. तुम्ही जाल तेव्हा पहिल्याच दिवशी सांगा की युनिकोडमध्येच हवं, आणि लाल गोल केलेला मूळ कागद परत मागून घ्या. माझा मामांनी मागवून घेतला, आता फवारणीच्या पंपाच्या खोलीत दाराच्या आतून चिकटवलाय.